पहिली खेप

धाड, २० नोव्हेंबर

ती. दादास,
पुष्पाचा शि. सा. न. वि. वि.

चार दिवसांपूर्वी आमचा ट्रॅक्टर धरला. फोन केला असता, पण हे शेजारीच बसलेले असतात. म्हणून कागदांच्या झेरॉक्ससोबत हे पत्र जीपवाल्याच्या हाती देते.

घराच्या गिलाव्यासाठी सरकारी डेपोतून रेती घेतली, रीतसर पास घेतला. पासावर वेळ दुपारी बारापर्यंतची. ट्रॉली नवी, तिची पहिलीच खेप, म्हणून यांनी ती मारुतीच्या देवळापुढं उभी केली. पुजारी शेतात गेलते. ते येऊन नारळ फुटेपर्यंत साडेबारा झाले. पुढच्या फाट्यावर पथकानं अडवलं. म्हणे, पासाची वेळ गेली, म्हणजे रेती बिनपासाची. आता ट्रॅक्टर तहसीलच्या आवारात अन् आमच्या हातात दंडाचा आदेश.

हरभऱ्याचं बी घरात येऊन पडलंय. रानातली ओल फार तर आठवडाभर टिकंल. गावात दुसरा ट्रॅक्टर मोकळा नाही. हे रोज एसटीनं जातात, ट्रॅक्टरला हात लावून परत येतात. तिथं कोणीतरी सांगितलं, दंड कबूल असं लिहून द्या अन् घेऊन जा. यांचं म्हणणं, चोर तर चोर, पण रान पेरल्या गेलं पाहिजे.

तुझी ती विद्यार्थिनी वकील झाली आहे ना? तिला विचार. उत्तर लवकर दे, माया आहेच.

तुझी,
पुष्पा


देऊळगाव राजा, २१ नोव्हेंबर

चि. सौ. पुष्पास,
शालिग्रामचे अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र तिसऱ्या तासाला वर्गातच वाचलं. समोर पोरं संस्कृतचा पाठ म्हणत होती. बरोबर म्हणाली की चूक, देव जाणे. हनुमंतानं अख्खा द्रोणागिरी उचलून आणला, तेव्हा त्याच्याकडे वाहतुकीचा पास कुणी मागितला नव्हता. त्याच्याच दारात थांबलेले तुझे यजमान मात्र अर्ध्या तासासाठी अडकले.

मंजुश्रीला कागद दाखवले. शाळेत पाठांतर चुकवणारी ही मुलगी आता कलमं घडाघडा म्हणते. तिनं बजावलंय की रामरावांनी कशावरही सही करू नये. दंड एकदा कबूल केला की भांडायला जागा उरत नाही. तहसीलदारांच्या आदेशावर एसडीओंकडे अपील करता येतं. त्याच्यासोबतच दंडाला स्थगिती मागायची आणि ट्रॅक्टर हमीपत्रावर सोडा असा अर्ज द्यायचा. मूळ पास, डेपोची पावती, आरसी बुक आणि सोबतच्या वकीलपत्रावर रामरावांची सही, एवढं उद्याच्या जीपनं पाठव. सही फक्त तेवढ्यावरच.

आणखी एक, जरा हळू आवाजात वाच. उशिराचं कारण टायर पंक्चर असं लिहिलं तर साहेबांना चटकन पटेल. नारळ पटायला कठीण. रामरावांना विचारून पाहा.

काळजी करू नकोस, असं लिहिण्याची रीत आहे, म्हणून लिहितो.

तुझा,
शालिग्राम


धाड, २२ नोव्हेंबर

ती. दादास,
शि. सा. न. वि. वि.

तुझं पत्र वाचून मी तशीच स्टँडवर पळाले. हे एसटीत चढलेले, खिशात कबुलीचा कागद, खाली सही तयार. उतरवलं. चारचौघांत बायकोनं खाली ओढलं म्हणून दिवसभर बोलले नाहीत.

संध्याकाळी पंक्चरचं काढलं, तर उसळलेच. म्हणे, देवाच्या दारात उभा होतो अन् टायरचं नाव काऊन घेऊ? तुह्या भावाले विचार, पोराइले संस्कृत शिकवते अन् मले लबाडी शिकवते काय? तेव्हा दादा, तुझी फी तुला मिळाली.

आमच्या करिष्मानं देवळापुढं व्हिडिओ काढला होता. त्यात भरलेली ट्रॉली दिसते, नंबर दिसतो अन् वेळही येते. तुझ्या मोबाइलवर पाठवलाय. पण हे एक घमेलं रेती देवळाच्या पायरीशी टाकतात, तेही त्यात आहे. पहिल्या खेपेतलं तेवढं देवाचं, ही इकडची रीत. साहेब म्हणतील, माल मध्येच उतरवला. तेवढं कापायचं का? लेक कापायला बसली होती. यांनी मोबाइलच काढून घेतला.

माझा जीव थाऱ्यावर नाही. सकाळी रानात गेले, ढेकूळ हातात भुगा झालं.

आठवणीत असू दे.
पुष्पा


एसडीओ कार्यालयाबाहेरून, २५ नोव्हेंबर

चि. सौ. पुष्पास,
आशीर्वाद.

मी सुट्टी टाकून सुनावणीला आलो. साहेबांनी व्हिडिओ दोनदा पाहिला आणि नेमका घमेल्यापाशी थांबवला. मंजुश्री पाणी प्यायली. मला पाठ असलेलं एकही स्तोत्र आठवेना. हे काय, असं साहेबांनी विचारल्यावर रामराव म्हणाले की देवाचं घमेलं आहे, साहेब, लपवाचं असतं तर व्हिडिओच आणला नसता. मग साहेबांनी विचारलं, नारळ दुसऱ्या दिवशी फोडला असता तर चाललं नसतं का? रामराव म्हणाले, चाललं असतं, पण दुसऱ्या दिवशी ते पहिली खेप राह्यली नसती.

साहेबांनी मान खाली घालून लिहायला घेतलं. मी पंक्चरवाला मास्तर मंजुश्रीच्या मागं सरकून उभा राहिलो.

अपिलाचा निकाल लागेपर्यंत दंडाला स्थगिती मिळाली. रेती वाहणार नाही, अशा हमीपत्रावर ट्रॅक्टर सुटला. रेती आवारातच उतरवून घेतली, तेव्हा गिलावा तूर्त विसर. पुढची तारीख महिन्यानं आहे. तेव्हा काय होईल हे मंजुश्रीलाही सांगता येत नाही.

हे पत्र रामरावांच्याच खिशात घालतोय. चहा विचारला, नको म्हणाले. वर दोन बोटं कोरडं असंन, खाली ओल असंन, एवढंच पुटपुटताहेत. म्हणून पुष्पे, हे वाचत दारात उभी राहू नकोस. पेरणी यंत्र जोडायला हात लाव. त्यांनी इंजिन बंद केलेलं नसेल.

लोभाचं उगवण झाल्यावर पाहू.

तुझा,
शालिग्राम