रफीकनं मारलेली हाक

३ नोव्हेंबर
सकाळीच रॉकेटचा भोंगा. सळ्या बांधून राह्यलो होतो, तार पिळाचा आकडा हातात तसाच घेऊन पळालो. बाजूच्या बिल्डिंगखाली शेल्टर आहे, साइटवरचे सगळे तिथंच घुसतो. वर दोन वेळा धाडकन झालं, चुना पडला डोक्यावर. माह्या तोंडातून मायबहिनीवरून निघालं. कोपऱ्यातून एक म्हातारी म्हनते, "बाळा, मराठीत शिव्या दिल्यास तर इथं कोणाला लागणार?"
मी वळून पाह्यलं. ज्यू बाई, फ्राकवाली, आन् मराठी बोलते. रेचलबाई. लहानपनी कोकनातून इकडं, ज्यूंच्या देशात आली. नवरा जर्मनीकडचा, कुर्त नावाचा, लय म्हातारा, चाकाच्या खुर्चीत. त्याले भोंगा ऐकू येत नाही. हादरा समजते.

६ नोव्हें.
शटरिंगच्या जुन्या फळ्यायवर खडूनं अरबी लिहून आहे. मुकादमाले (बिहारचा आहे) विचारलं तर म्हने, आधी इथं सीमेपलीकडचे अरब लोक कामाले येत. लढाई लागली, त्यायचे पास बंद झाले, म्हनून तर आपल्याले बलावलं. तू कायले डोकं लावतं, ठोक.
फळी उलटी करून ठोकली. कोनाचं नाव असन ते. का नुसतं माप असन.

८ नोव्हें.
घरी फोन. रोज लावतो, चहाच्या सुट्टीत. दिनूभाऊले, माह्या मोठ्या भावाले, सांगून ठेवलं आहे, व्हिडिओ चालूच ठेवत जाय. मंग तो फोन शर्टाच्या खिशात टाकते, कॅमेरा वर निघून राह्यते, आन् मले वावर दिसते, विहीर दिसते, आई दिसते जाताजाता. कधी कधी तो विसरूनच जाते मी आहो म्हनून. मले तेच बरं वाटते. बोलाचं काम नाही. नुसतं गावात फिराचं.
आज वांगे तोडून राह्यले होते. विचारलं, रफीक आला नाही काय? दरसाल उभं पीक तोच घेते. त्याच्या बापानं आमच्या बापाकून घेतलं, सौद्याले कागद नाही, बांधावर बसून चहा पेला का झाला सौदा. भाऊ म्हने, औंदा मुसलमान बागवानाले माल देनं बंद. तालुक्यावरून गमछेवाले पोरं आले होते, भोंगा लावून सांगून गेले. म्या म्हनलं, काहून? म्हने, सगळे करून राह्यले.
आपला बाप मेला तवा रफीकनं खांदा देला, म्हनलं. त्यानं फोन कापला.

१० नोव्हें.
पुन्हा भोंगा, पुन्हा शेल्टर. कुर्तबाबा आज बोलला. रेचलबाई म्हने, या दिवसात दरवर्षी तो गप राहतो, आज काय झालं कोण जाणे. तो त्याच्या भाषेत सांगे, ती मले मराठीत.
जर्मनीत लहान गाव. बापाचं दुकान, बटनं, धागे, अस्तर. आधी दुकानासमोर पोरं उभे राह्यत, गिऱ्हाइकाले म्हनत इथून घेऊ नका. मंग नोव्हेंबरातल्या एका रात्री काचा फोडल्या. पुढं कोन होतं? सामनेच्या बेकरीवाल्याचा पोरगा. कुर्तच्या मोठ्या भावासंगं खेळनारा. त्याच्याच हाती कुऱ्हाड. सकाळी बापाले गुडघ्यावर बसवून काचा उचलाले लावल्या, मंग घेऊन गेले. परत आला तं त्याचे दोन्ही हात कामाचे राह्यले नव्हते.
वरच्या मजल्यावरची बाई पडद्याआडून पाहून राह्यली होती. लढाई सरल्यावर लय वर्सानं कुर्त तिथं गेला. तिनं कॉफी पाजली. म्हनली, त्या दिवशी आमी घरीच नव्हतो.
मी म्हनलो, तुमी काय म्हनले मंग? रेचलबाईनं विचारलं त्याले. तो म्हनला, कॉफी चांगली होती.

१४ नोव्हें.
लिहू का नको.
आज गावचा बाजार. चहाच्या टायमाले सळ्याच्या गठ्ठ्यावर बसून फोन लावला. भाऊनं वांगे दाखवले, सांबाराची, कोथिंबिरीची जुडी दाखवली, कशी हिरवीगार आहे पाह्य म्हने. मंग फोन खिशात. मी पाव खाऊन राह्यलो होतो.
गलका झाला. गमछेवाले. रफीकचं पाल ओढून पाडलं. टमाटे तुडवले. त्याच्या नोकराले हानलं, तो पळाला. रफीक पळाला नाही. माल आवरून राह्यला होता येडा. एकानं पाठीत बांबू घातला. तो उठला, इकडंतिकडं पाह्यलं आन् सिधा माह्याकडं आला. म्हंजे भाऊकडं. खिशाकडं. तोंड रक्तानं भरलेलं, आन् चेहऱ्यावर, कसं सांगू, सुटल्यासारखं. आपला मानूस दिसला तं होते तसं.
"दिनूभाऊ," म्हनला. "दिनूभाऊ, मले."
मंग उजवीकून हात आला. हातात सब्बल, पालाच्या खुंट्या गाडाची. अंगठा अर्धा. कडबाकुट्टीत गेलेला. तो अंगठा मी लहानपनापासून ओळखतो.
एकदा. आवाज आला, नारळासारखा. मंग दुसऱ्यांदा, तो पडल्यावर. दुसऱ्यांदा काहून, तेच समजत नाही. मंग खिसा हालाले लागला, जमीन, पाय, आभाय. भाऊ पळत होता.
मी "भाऊ, भाऊ" वरडत होतो. साइटवरचे पाहून राह्यले. पाव तोंडातच होता.

१५ नोव्हें.
भाऊचा फोन, दुसऱ्याच्या नंबरवरून. पह्यले म्हने, जेवला काय? मंग म्हने, कालचं... नेट गेलं होतं ना तिकडं? तोच म्हने, गेलंच असन, तिकडं बॉम पडून राह्यले. माहा फोन विहिरीत पडला गजा.
म्या विचारलं, दुसऱ्यांदा काहून मारलं?
मंग म्हने, सगळे पाहून राह्यले होते माह्याकडं.
रफीकले अकोल्याच्या दवाखान्यात नेलं आहे.

१८ नोव्हें.
रफीक गेला. सकाळी.

१९ नोव्हें.
आईचा फोन. पोलीस म्हनतात जमाव होता, नाव कोनाचं घेनार. बाजारात शंभर मानसं आन् एकानंही पाह्यलं नाही. आई म्हने, तूबी पाह्यलं नाही. तू तं समुद्रापार आहेस. भाऊच्या दोन पोरी आहेत गजा. मी म्हनलो, रफीकले पोरगा आहे. आई म्हने, मले माहीत नाही काय? त्याच्या बारशाले घुगऱ्या मीच शिजवल्या.
मंग रडली. मीबी. मंग तिनं विचारलं, भाजी मिळते काय तिकडं.

२२ नोव्हें.
आज संतोषले मारलं. खोलीतला, यवतमाळकडचा. कोनंतरी बाजारातला व्हिडिओ फिरवून राह्यलं, दुरून काढलेला, कोनाचंच तोंड दिसत नाही. तो पाहून हासत होता, पाह्य, कसा लोळते म्हने. डब्यानंच मारलं, भुवई फाटली. तो खाली पडला तरी मी मारत होतो. मुकादमानं वढलं. नाहीतं.
नाहीतं काय. माहाबी हात त्याच घरचा आहे.

२३ नोव्हें.
संतोषले टाके. म्हने, तुया कोन होता काय तो? म्या म्हनलं, हो.

२७ नोव्हें.
भोंगा वाजला तवा कोनी हाललं नाही, सवय झाली. रॉकेटचा तुकडा साइटवरच पडला. नेपाळी पोराच्या मांडीत लोखंड, आमी बांधलेली सळईच तुटून घुसली. त्याले धरून शेल्टरात नेलं. रक्त कसं गरम असते. कुर्तबाबानं आपल्या मांडीवरची शाल काढून देली बांधाले.
पोराले दवाखान्याच्या गाडीत नेल्यावर मी तिथंच बसलो. रेचलबाईले सगळं सांगलं. भाऊ, खिसा, अंगठा, सगळं. ती ऐकत गेली आन् म्हाताऱ्याच्या कानात सांगत गेली. मले वाटलं आता तो काहीतरी म्हननार, पोलिसाले सांग म्हनन, का माह्यावर थुकन. तो म्हनला, पोराचं नाव काय?
रफीक, म्हनलं.
त्याले जमे ना. राफिक, राफीक. बरोबर येईपर्यंत म्हनत राह्यला. रेचलबाई तोंड फिरवून बसली.

५ डिसेंबर
भाऊनं फोटो पाठवला, नव्या फोनवरून. रफीकच्या जागेवर आपलं पाल. ताडपत्री निळी. खाली लिहिलं, तू ये, दोघं भाऊ बसू. गिऱ्हाईक तेच आहे.
तिथंच तं पडला होता तो. धुतलं असन कोनी.
इथं मी कोनाच्या जागेवर बसलो आहो, तेबी डोक्यातून जात नाही. पन मी कोनाले सब्बल नाही मारली. असं म्हनून झोप येते काय? येत नाही.

११ डिसें.
गावच्या ठाण्याचा नंबर शोधला. मोबाइलमध्ये टाकून ठेवला. नावाच्या जागी काहीच टाकलं नाही. भाऊले फाशी झाली तं. पोरी. आई. नाही झाली तं तो रोज त्या जागेवर बसन, वांगे तोलन.
लहानपनी मले सायकलवर बसवून रिठदच्या शाळेत नेनारा तोच होता. मी सातवीत सोडली तं मले मारलं होतं, काहून सोडली म्हनून. त्याच हातानं.

२७ डिसें.
काल खालाचा मिस कॉल. रफीकची माय. पाह्यलं आन् फोन पालथा ठेवला. तिच्या घरी जेवत होतो मी, आई वावरात असली का. माह्यासाठी वेगळं ताट ठेवलं होतं तिनं, आईले वाईट वाटू नये म्हनून. शेवटी आई त्याच घरी जेवाले लागली.
आज पुन्हा आला. उचलला नाही.

२९ डिसें.
उचलला.
खाला म्हने, बरा आहेस ना बेटा, तिकडं लडाई आहे म्हनतात. मी म्हनलो, बरा आहो. म्हने, परवा चाळिसावा झाला, तुयी आठोन काढली सगळ्यायनं. मले वाटलं आता विचारते, कोनं मारलं म्हनून. मी तयारीत होतो. नेट नव्हतं, हे तोंडात आनून ठेवलं होतं.
तिनं ते विचारलंच नाही. म्हने, बाजारातला एक पोरगा सांगत होता, दिनूच्या खिशात तुया फोन चालू होता. मले कोनाचं नाव नाही पाह्यजे गजा, नाव घेऊन काय करू, पोलिसाले सांगाले मी नाही जात. दवाखान्यात त्याले सुध आलीच नाही. मले एवढंच सांग, पडाच्या आधी माह्या पोरानं हाक मारली काय? अल्लाले मारली का मले मारली?
मी साइटवरून खाली उतरलो. खाली सिमेंटच्या पोत्यावर बसलो. मुकादम वरून हाका मारत होता, आन् माह्या कानात रफीकचं 'दिनूभाऊ' वाजून राह्यलं होतं.
"मारली खाला," म्हनलो. "हाक मारली त्यानं."
"कोनाले?"
"सांगतो. पन तुमी आधी बसा."
"बसलीच आहे बेटा," म्हने. "सांग."