फालुद्याच्या ग्लासातली घुमारी

४ फेब्रुवारी, मंगळवार

आठ दिवस झाले. देवव्रत अजून डोळे उघडत नाही. व्हेंटिलेटर त्याच्या वतीने श्वास घेतो, मी आयसीयूबाहेर खुर्चीत बसते. भेट अकराला आणि पाचला, दहा-दहा मिनिटं, एकालाच. लहान मुलांना आत सोडतच नाहीत. गार्गीने बाबाला आठ दिवसांत पाहिलेलंही नाही.

सिस्टर म्हणाल्या, "बोलत राहा हो त्यांच्याशी. घरातले ओळखीचे आवाज ऐकवा." मी काय बोलले? दूधवाला बदलला, मुलुंडला आतापासूनच उकडतंय. पंधरा वर्षांच्या संसारानंतर नवऱ्याशी बोलायला एवढंच सुचलं. लाज वाटली.

५ फेब्रुवारी

ओळखीचा आवाज सापडला! घुमारी.

बापलेकीचं एक राज्य आहे– नऊखण. जुन्या कॅलेंडरांच्या पाठीवर नकाशे, जेवण झालं की दोघं तिथेच. मुलगी दहाची, बाप चव्वेचाळीसचा, अक्कल सारखीच. त्या राज्यात लढता लढता दगड झालेले सैनिक आहेत आणि घुमारी वाजली की ते हलतात.

घुमारी म्हणजे आमचा फालुद्याचा ग्लास. पाच रस्त्याच्या नाक्यावरचं फालुद्याचं दुकान बंद झालं तेव्हा देवव्रतने मालकाकडून मागून आणलेला. अर्धं पाणी घालून कडेवरून ओलं बोट फिरवलं की लांबच लांब आवाज निघतो, खोलीभर. माझ्या बोटाने नुसतंच कुईं. मी हे सगळं ओटा आवरता आवरता ऐकलेलं, म्हणून माहिती अर्धीमुर्धी. पण दगड हलतात ना, मला तेवढं पुरे आहे.

गार्गीला म्हटलं, वाजव, मी फोनवर घेते, बाबाला ऐकवू. ती नाही म्हणाली.

६ फेब्रुवारी

नाहीच म्हणते.

७ फेब्रुवारी, शुक्रवार

डॉक्टर आज माझ्याकडे न बघता बोलले. "वाट बघू."

घरी आले तर गार्गी ग्लास पोटाशी धरून पलंगाखाली. माझी नणंद गंधाली समजूत घालून दमलेली. "वहिनी, हट्टाला पेटलीय ती. सोड ना आता." मी नाही सोडलं. गार्गीला म्हटलं, "बाबा बरा व्हायला नकोय का तुला?"

दहा वर्षांच्या मुलीला असं बोलले मी!

ती म्हणाली, "आई, घुमारी अशी कधीही नाही वाजवायची." मी म्हटलं, आत्ता वाजव. तिने वाजवली. रडत होती, पण बोट एकदाही अडखळलं नाही.

८ फेब्रुवारी

पाच वाजता फोन त्याच्या कानाशी धरला. चाळीस सेकंद. दोनदा लावलं. पापणी हलली असं वाटलं. सिस्टर म्हणाल्या, होतं असं कधीकधी.

घरी येऊन गार्गीला सांगितलं, बाबाने ऐकलं बरं का. ती जेवलीच नाही. अजून रागावलेली असणार.

९ फेब्रुवारी

सकाळी सहा चाळीसला देवव्रत गेला.

२२ फेब्रुवारी, शनिवार

काल तेरावं झालं. आज कपाट आवरताना कॅलेंडरं हाती लागली. एकाच्या पाठीवर त्याच्या अक्षरात नऊखणचे नियम–

'घुमारी ऐकली की दगड झालेला सैनिक मोकळा होतो. तलवार खाली ठेवतो आणि निघून जातो, परत येत नाही. ज्याला ती ऐकू गेली नाही तो तसाच उभा राहतो. वाजवण्याआधी निरोप घेणे.'

पोरीला माहीत होतं. तिला निरोपही घेता आला नव्हता, आणि मी ओरडून तिच्याकडून वाजवून घेतलं.

ग्लासाच्या आवाजाने माणूस मरत नाही हे मला कळतं. मला कळून काय उपयोग? त्या दिवसापासून ती माझ्याजवळ झोपत नाही, आत्याजवळ झोपते. मला वाटत होतं, आत्याचा लळा लागलाय.

२३ फेब्रुवारी

दुपारी विचारलंच तिने. "मी वाजवली म्हणून बाबा गेला ना?"

घुमारी खोटी म्हणावं तर बापाचं उरलंसुरलं राज्यही जातं. खरी म्हणावं तर– नाही. मी थाप मारली. "अगं, फोनचा आवाज बंद राहिला होता. ऐकलं म्हणून मी तुला उगाच सांगितलं. बाबाला ऐकूच गेली नाही."

ती म्हणाली, "म्हणजे बाबा अजून तिथेच उभा आहे?"