ती नुसती डोकेदुखी नव्हती

चिमे,

ताईचा भरभरून आशीर्वाद. फोनवर बोलू लागले की रडू येतं, म्हणून कागदावर लिहितेय. काळजी करू नकोस. मी जेवते, चालते आणि यांच्यावर ओरडतेसुद्धा.

पण राग काही जात नाही गं! दोन आठवडे डोकं ठणकत होतं, आडवी झाले की जास्तच. दवाखान्यात म्हणाले, "ॲसिडिटी आहे." कारखान्यात मुकादम म्हणाला, "चष्मा बदला." हे म्हणाले, "तू टेन्शन फार घेतेस." शेवटी कापड बेततानाच उजवा हात लुळा पडला, कात्री सुटली आणि मला फिट आली. तेव्हा कुठे डोक्याचा स्कॅन झाला.

मोठ्या डॉक्टरीणबाईंनी नीट समजावलं. मेंदूकडून रक्त परत नेणाऱ्या शिरेत रक्ताची गाठ झाली होती. त्यामुळे रक्त मागे तुंबलं आणि डोक्यात दाब वाढला. आता रक्त पातळ करायचं औषध चालू आहे. हातात बळ येतंय, अक्षर तेवढं सांभाळून घे.

बाईंनी विचारलं, "पाळणा लांबवायच्या गोळ्या घेता का?" त्या गोळ्यांमुळेही कधीकधी अशी गाठ होते म्हणे. तूही त्याच घेतेस ना? घाबरू नकोस, पण याच आठवड्यात डॉक्टरांना विचार.

आईचे गुडघे कसे आहेत? तिला "अशक्तपणा होता" एवढंच सांग.

आणि तुझं डोकं असं दुखलं, नि कुणी टेन्शन म्हणालं, तर मला लगेच कळव. मिळेल ती गाडी पकडून येईन आणि तुझ्या वतीने भांडेन.

तुझी, अजून धुमसणारी,
ताई