बंद फोनवरचं बोलणं

घाटंजी, मंगळवार, संध्याकाळ

इतकी वर्षं सिनेमे केले, बक्षिसं घेतली, पण आज स्वतःची लाज वाटते आहे.

सीमेवर लढाई सुरू आहे आणि मी जवानांच्या घरच्यांवर माहितीपट करतोय. आज रशीदभाईंच्या गॅरेजात चित्रीकरण होतं. त्यांचा मुलगा सीमेवर आहे, नऊ दिवस त्याचा फोन नव्हता. दुपारी अचानक आला. ग्रीस लागलेल्या हातानेच त्यांनी तो उचलला. "खाना खाया क्या? ठीक है ना?" तेवढ्यात फोन कट झाला.

आमच्या रेकॉर्डिंगमध्ये आवाज नीट आलाच नाही. सवयीने तोंडून निघालं, "परत एकदा घेऊ या."

"कोनाशी बोलू साहेब? फोन तं कटला."

"बोलल्यासारखं करा."

असं कसं म्हणालो मी?

त्यांनी बंद फोन कानाला लावला. आणि या वेळी थांबेचनात. "जाते वक्त तुझसे बात नहीं की मैंने. गुस्से में था. माफ कर बेटा." मग रडायलाच लागले. आणि मी मनात म्हणालो, वा! तो 'वा' काही केल्या जात नाही डोक्यातून.

निघताना त्यांना म्हणालो, "हे दुसरं पुसून टाकतो. खोटं आहे ते."

त्यांनी माझा हात धरला. "पुसू नका साहेब. मंघाशी माह्या तोंडून निघालंच नाही. पोराले हेच सांगाचं होतं. त्याले पाठवून द्या."

तिथेच उभं राहून मुलाच्या व्हॉट्सॲपवर पाठवलं. दोन तास झाले. अजून एकच टिक आहे.