दोन मलमांमधला वेळ

माय,

तोंडाला पहिलं मलम लावून झालं आहे आणि दुसरं लावायला अजून थोडा वेळ आहे, तेवढ्यात तुला लिहायला बसलो. तुझा मुलगा चौऱ्याहत्तराव्या वर्षी रोज सकाळी तोंडाला दोन दोन मलमं लावतो हे ऐकून तू पदर तोंडाशी धरून हसली असतीस. तुझ्या वेळी एक तिळाचं तेल होतं, आणि ते डोक्याला, टाचांच्या भेगांना, तोंडाला, भाकरीवरच्या ठेच्यालाही चालायचं. आता अमरावतीच्या चामडीच्या डॉक्टरबाईंनी मला दोन नळ्या दिल्या आहेत. एक कातडी मऊ ठेवायची, तिला मॉइश्चरायझर म्हणतात. ती आधी लावायची, तोंड धुतल्यावर थोडं ओलं असतानाच, आणि मुरेपर्यंत थांबायचं. मग दुसरी, उन्हाची, म्हणजे सनस्क्रीन. ती दोन बोटं भरून घ्यायची आणि तोंड, कान, मान सगळीकडे पसरायची. मग पुन्हा थांबून बाहेर पडायचं.

थांबायचं म्हणजे किती, असं नातीला विचारलं तर ती म्हणाली, "आबाजी, मोबाईलमधे टायमर लावा न." मला ते जमत नाही. मी शाळेतली एक कविता चालीवर म्हणतो, सगळी कडवी, अजिबात घाई न करता. ती संपली की पहिलं मलम मुरलेलं असतं. इतकी वर्षं पोरांकडून पाठ करून घेतलेल्या कविता आता माझ्या तोंडावरचं मलम वाळवायच्या कामी येतात. पण गेले पाच दिवस त्यातलं तिसरं कडवं काही केल्या आठवत नाही. तिथे आलो की हात आपोआप नाकाकडे जातो, आणि तिथल्या पट्टीला लागायच्या आत मी तो मागे घेतो.

नाकाच्या डाव्या बाजूला आहे, माय. तुझं होतं तिथेच.

मागच्या वर्षी तिथे बोटाला कण्या लागाव्यात तसा खरखरीत, लालसर डाग आला. सून हट्टाने दवाखान्यात घेऊन गेली. डॉक्टरबाई तिच्याच वयाच्या. त्यांनी विचारलं, "काका, जन्मभर उन्हात राहिलात का?" मी म्हणालो, "मॅडम, जन्म वऱ्हाडातला. दुसरीकडं कुठं राहणार?" त्या हसल्या. आत्ता घाबरण्यासारखं नाही म्हणाल्या, पण यापुढे ऊन अंगावर घ्यायचं नाही, दोन्ही मलमं रोज, आणि तीन महिन्यांनी दाखवायला यायचं. मी गेलो नाही. मलमं मात्र रोज लावली. त्याच विश्वासावर वर्ष काढलं.

त्या पांढऱ्या मलमाची मला लाज वाटायची. आमच्या चौकात सिमेंटच्या बाकावर चार रिटायर्ड लोक बसतात. पहिल्याच दिवशी एकजण ओरडला, "गुरुजी, पिठाच्या गिरणीतून येऊन राहिले काय?" दुसरा म्हणे, "नाई गा, गुरुजींचं दुसरं लगन हाय, हयद लागाची तं पीठ लागलं!" मी पण हसलो, पण दुसऱ्या दिवसापासून उपाय काढला. तुझा नियम मला पाठ होता, की लेप कोणताही असो, वरून तेलाचा हात फिरवायचा म्हणजे तो तडकत नाही. मग मी आधी सनस्क्रीन लावायला लागलो आणि त्यावर मॉइश्चरायझर. ती नळी संपल्यावर त्याच्या जागी तेल घेतलं, कातडी मऊ करायची तर दोन्ही एकच असं समजून. पांढरेपणा जायचा, तोंड तुकतुकीत दिसायचं. घाम आला की गळ्यातल्या दुपट्ट्याने पुसायचा, जसा आपल्याकडचा प्रत्येक माणूस पुसतो.

डागाची खपली निघून तिथे ओलं दिसायला लागलं तेव्हा, पाच दिवसांपूर्वी, परत गेलो. डॉक्टरबाईंनी विचारलं, "रोज लावता ना?"

"एक दिवस चुकलो नाही."

"कसं लावता? मला करून दाखवा बरं."

सुनेने पिशवीतून सगळं काढून दिलं. मी फळ्यासमोर उभं राहून शिकवावं तसं दाखवलं. दोन बोटं सनस्क्रीन, त्यावर तळहातभर तेल, मग सवयीने दुपट्टा. डॉक्टरबाईंचं पेन थांबलं. "काका," त्या हळूच म्हणाल्या, "म्हणजे तुम्ही वर्षभर सनस्क्रीन लावून रोज पुसून टाकत होतात." मग दिवा ओढून भिंग लावलं आणि डाग चारी बाजूंनी बघितला. सून घरी बोलते तसं त्यांनी झापलं असतं तर बरं वाटलं असतं. त्या गप्प राहिल्या तिथेच मला पहिल्यांदा भीती वाटली. तपासायला एक बारीक तुकडा काढून घेतला. रिपोर्ट परवा येणार आहे. पट्टीच्या आसपासची जागा सोडून बाकी तोंडाला मलमं चालू ठेवा म्हणाल्या, आणि सुनेने कागदावर मोठ्या अक्षरात लिहून आरशाला चिकटवलं, आधी हे, मग ते.

त्या आरशात मी आता बघत नाही. अंदाजाने लावतो.

आपल्या घरी आरसा असा नव्हताच. माझ्या दाढीचा तळहाताएवढा होता, तोही अंधाऱ्या भिंतीला. म्हणून तू मलाच विचारायचीस. मला नुकतीच गुरुजीची नोकरी लागलेली. तू पहाटेच मळ्यातून सांभाराच्या (नात त्याला कोथिंबीर म्हणते) आणि मेथीच्या जुड्या बांधून आणलेल्या असायच्या, चांदूरच्या बाजाराला निघायच्या आधी माझ्यासमोर यायचीस आणि पदर बाजूला करून तोंड पुढं करायचीस. "पाय बरं, कमी झालं काय?" हळद आणि तेल थापलेलं असायचं त्यावर. मी त्या दिवशी शिकवायची कविता पुटपुटत असायचो, चाल बसवत असायचो. मान वर न करता म्हणायचो, "झालं माय, कमी झालं." तू म्हणायचीस, "पायलंस तरी का रे?" मी म्हणायचो, "पायलं न." तू टोपलं उचलून निघायचीस. किती सकाळी हे झालं असेल? मी खरंच पाहिलं त्या दिवशी तिथे बोटाचं टोक बसेल एवढा खड्डा होता.

मग अकोला. मावशीच्या ओळखीने मोठ्या दवाखान्यात दाखवलं. डॉक्टर म्हणाले, कापावं लागेल, नाकाचा भाग जाईल, तरी भरवसा देत नाही. तू बाबांकडे पाहिलंस, माझ्याकडे पाहिलंस, आणि म्हणालीस, "राहू द्या आता. लय जगली मी. चला घरी." पन्नाशीही उलटली नव्हती तुझी. बाबांनी लगेच पिशवी उचलली. मीही उठलो. खरं सांगतो, मला तेव्हा सुटल्यासारखं वाटलं होतं. माय किती धीराची म्हणून पुढं मी चारचौघांत ती गोष्ट अभिमानाने सांगत आलो.

पण परतीच्या गाडीत, बडनेरा सोडल्यावर, बाबांचा डोळा लागला होता तेव्हा तू मला हळूच विचारलं होतंस. "कापल्यावर बरं व्हाले किती दिवस लागतात म्हने?" मी म्हणालो, "माय, झोप तू." तू खिडकीकडे तोंड फिरवलंस. ही गोष्ट मी कुणाला सांगितली नाही.

आता मला सगळ्याची भीती वाटते. फोन वाजला की वाटते. खिडकीतून ऊन पलंगावर आलं की पाय आखडून घेतो. रात्री जेवताना सून मुलाकडे बघते आणि मुलगा ताटाकडे, तेव्हा त्यांना काही कळलंय आणि मला सांगत नाहीत असं वाटतं. नात चौकशी करायला आली तर मी तिच्याकडे उजवा गाल करतो. घरात सगळे म्हणतात, आबाजी मोठे खंबीर आहेत. असं म्हणण्याजोगं मी त्या दिवशी दवाखान्यात बोललोच होतो. तुकडा काढल्यावर मुलगा ऑफिसातून तिथे आला, त्याच्या देखत डॉक्टरबाईंना म्हणालो, "मॅडम, वाईट निघालं तर कापाकापी नको. झालं आता वय. पिकलं पान." मुलाने मान खाली घातली. नको बाबा, असं नका बोलू, असं तो म्हणेल म्हणून मी क्षणभर थांबलो. तो गाडी काढायला गेला. सूनही त्याच्यामागे गेली.

मी पायऱ्यांपर्यंत गेलो आणि परत आलो. चष्मा राहिला म्हणून सांगितलं. चष्मा खिशातच होता. आत दुसरा पेशंट बसलेला, त्याच्यासमोरच बोललो, "मॅडम, मघाशी मी म्हणालो ते लिहू नका. नाक गेलं तरी चालेल. जे जे करता येतं ते सगळं करा. मला अजून जगायचं आहे." त्या म्हणाल्या, "मी ते लिहिलंच नव्हतं, काका."

बाहेर मुलाने विचारलं, "सापडला का चष्मा?" सापडला म्हणालो. त्याला अजून खरं सांगितलेलं नाही. तुला लिहिलं, पण हे तुझ्यापर्यंत पोचू नये असंच वाटतं मला. पोचलं, तर मी पायऱ्यांवरून मागे फिरलो हे वाचून तू एवढंच विचारशील, "माह्यासाठी कोनी मांगं कावून नाई फिरलं?" त्या गाडीत तुझ्या शेजारी मीच बसलो होतो, माय.