गाडीत कुणी बसायचं नाही

अण्णा,

शेवटच्या आजारपणात तुम्ही उजवा हात डोळ्यांसमोर धरून एकच प्रश्न विचारायचात, माझा हात कुठं चुकला? डॉक्टरला विचारलंत, भेटायला आलेल्या मामाला विचारलंत, मला तर रोजच विचारत होतात. शिवाजीनगरातलं तुमचं स्प्रिंगचं दुकान ज्या गाड्यांपायी बंद पडलं, त्या गाड्या तुमच्या हातून का बिघडल्या हे मरेपर्यंत तुम्हाला कळलं नाही. मला ते गेल्या रविवारी कळलं. सांगते, पण सावकाश सांगते. तुम्ही पहिला घास घेईपर्यंत आम्हाला वाढलेल्या ताटासमोर ताटकळत बसवायचात आणि मुद्दाम हात धुवायला वेळ लावायचात. आता थोडा वेळ तुम्ही बसा.

आपल्याच शहरात, पीण्याच्या औद्योगिक वसाहतीत माझी शेड आहे. धंदा तुमचाच म्हणायचा, गाडी चाकांवर नीट उभी करण्याचा, पण तुमचे स्प्रिंगचे पोलादी पाटे आता माझ्याकडे नाहीत. माझ्याकडे येणाऱ्या मोठ्या गाड्या चार रबरी फुग्यांवर उभ्या असतात, आत हवा भरलेली. माणसं चढली की गाडी खाली बसते, चाकाजवळचा छोटा सेन्सर ते कळवतो, कॉम्प्युटर हवा भरतो आणि गाडी परत पातळीवर येते. घण मारावा लागत नाही, ओरडावं तर मुळीच लागत नाही. फुगा फाटला की मी नवा बसवते, सेन्सर तुटला की बदलते, पण तेवढ्यावर काम संपत नाही. नवा सेन्सर कोरा असतो. सरळ म्हणजे काय, हे त्याला शिकवावं लागतं. त्यासाठी गाडी सपाट फरशीवर घ्यायची, टायरमधली हवा बरोबर करायची, डिकी रिकामी करायची, मग चाकाच्या मध्यापासून वरच्या पत्र्याच्या कडेपर्यंतचं अंतर चारही कोपऱ्यांत मोजून लॅपटॉपवर भरायचं. गाडी ते आकडे घेते आणि त्यानंतर तेच खरं मानते. त्या वेळी फरशी उतरती असली किंवा आत कुणी बसलेलं असलं, तर गाडी पुढे कायम वाकडी उभी राहते आणि स्वतःला सरळ समजते. असा एक माणूस मी लहानपणापासून जवळून पाहिला होता, त्यामुळे ही गोष्ट माझ्या लगेच लक्षात आली.

तुमच्या दुकानात याच्या उलट चालायचं. पाटे चढवून झाले की गाडीत वजन बसवल्याशिवाय तुम्ही काम पास करत नव्हतात, आणि वजन म्हणजे आई. दुपारी ती डबा घेऊन यायची. थायरॉइडनं तिचं अंग सुटलं होतं, गुडघे दुखायचे, उन्हात चालत आल्यामुळे चेहरा लाल झालेला असायचा. मी शाळेतून आलेली, कोपऱ्यात ग्रीसच्या डब्यावर बसलेली आहे. आई दारात येते. तुम्ही गिऱ्हाइकाकडे वळता आणि मोठ्यांदा म्हणता, "लोड आला!" टॅक्सीवाले हसतात. "चढ मागं. डावीकडं सरक. अजून सरक, लाजतेस काय, गाडी तुला घाबरली पाहिजे." ती पिशवी मांडीवर घेऊन बसते आणि समोरच्या सीटच्या पाठीकडे बघत राहते. तुम्ही उकिडवे बसून टायर आणि मडगार्डच्या मध्ये बोटं घालता, डोळे मिटता आणि सांगता, अमुक पाट्याला अजून कमान द्या, बाजू दबतेय. हे मात्र कबूल करायला हवं की तुमची बोटं टेपपेक्षा खरी होती. पार होसकोट्यापासून ड्रायव्हर यायचे ते त्या बोटांसाठी. काम झालं की तुम्ही हात पुसायचात आणि आईला उतरायला सांगायचं विसरून जायचात.

एका दिवाळीच्या पाडव्याला तिनं तुम्हाला ओवाळलं, आणि तुम्ही ताटात ओवाळणी घालायच्या ऐवजी एक मोठं खोकं पुढे केलंत. सगळे नातेवाईक जमलेले. आईनं कागद सोडवला तेव्हा तिला वाटलं मिक्सर असेल, तिच्या तोंडावर तसं दिसलं. वजनकाटा होता, पायांनी उभं राहायचा. "रोज सकाळी बघायचं," तुम्ही म्हणालात, "लोड किती आहे ते नक्की कळलं तर माझं काम नेमकं होईल." काकू हसल्या, काका हसले, तुम्हाला त्यांच्या हसण्याची मजा आली. तिला तिथल्या तिथे, काठापदराच्या साडीत, काट्यावर चढवलंत. त्यानंतर रोज आंघोळ झाली की तुमच्यासमोर तिनं काट्यावर उभं राहायचं आणि तुम्ही पेपर बाजूला करून आकडा वाचायचात. वाढला तर तिच्या माहेरचा उद्धार, कमी झाला तर "माझं गणित बिघडवतेस." त्यातून वाचायचा तिसरा रस्ताच नव्हता. माझ्याकडे बघून म्हणायचात, ही पण त्याच वळणावर चाललीय, हिला बघायला येतील त्यांना आधी काटा दाखवावा लागेल.

मग गाड्या परत यायला लागल्या. डावी बाजू उचललेली, खड्ड्यात आदळणारी. तुमच्या दुकानातून गाडी परत येणं ही कुणी ऐकलेली गोष्ट नव्हती. पहिल्या ड्रायव्हरला तुम्ही हाकलून लावलंत, दुसऱ्याच्या गाडीखाली स्वतः झोपलात, तिसऱ्याच्या वेळी कारागिराच्या थोबाडीत मारलीत. तो गेला, त्याच्यामागे बाकीचे गेले. एक गाडी बिघडायची, नंतरच्या दोन छान व्हायच्या, परत एक बिघडायची. त्यात काही मेळच लागेना. तुम्ही चष्मा बदललात, बोटांना तेल चोळायला लागलात. जेवताना हात उलटासुलटा करून बघायचात. मला तेव्हा तुमची दया येत होती, हेही सांगून टाकते.

आता रविवारचं. आई माझ्याकडे बेळ्ळंदूरला असते. तिला सांभाळणारी बाई सुट्टीवर होती आणि एक गाडी द्यायची होती, म्हणून आईला बरोबर घेऊन शेडवर गेले. ती आता वाळून इतकीशी झाली आहे. तिला पंख्याखाली खुर्ची दिली, हातात ताकाचा पेला दिला, आणि मी कामाला लागले. मागचा डावा फुगा आणि सेन्सर बदललेली गाडी होती. मापं घेतली, लॅपटॉपवर आकडे भरत होते आणि एकाएकी त्या कोपऱ्याचं रीडिंग हललं. बघते तर मालकाचा ड्रायव्हर पलीकडच्या दारानं मागं जाऊन बसला होता, फोन चार्ज करायला. कुणी बसायचं नाही, खाली उतर, म्हणून मी कानडीत ओरडले, "इळीरी! यारू कूतकोबेडी!" तो घाबरून उतरला. सगळं पहिल्यापासून करायला घेतलं.

"काय झालं ग?" आईनं विचारलं.

"आकडे भरताना गाडीत कुणी बसायचं नसतं आई. सामान राहिलेलंपण चालत नाही."

"स्वल्प वजनानंपण बिघडतंय?"

"बिघडतं की."

"अय्यो," ती म्हणाली, "मग ह्यांच्या गाड्या किती बिघडल्या असतील!" आणि पदर तोंडाला लावून ती हसायला लागली. अण्णा, आईला असं हसताना मी कधी पाहिलं नव्हतं. ताक साडीवर सांडलं तरी थांबेना. मला वाटलं हिला काही होतंय. पाठ चोळली, तेव्हा कुठं बोलली.

"डब्याच्या पिशवीत गुंडू असायचा ग. खाली. फडक्यात बांधून."

डोशाचं पीठ वाटायच्या दगडी उखळातला तो जड, गोल दगड. तुम्हाला आठवणार नाही, स्वयंपाकघरातलं तुम्हाला काय आठवणार. मला तो उचलायला दोन्ही हात लागायचे. आई तो पिशवीत घालून, वर डबा ठेवून, घरापासून दुकानापर्यंत चालत आणायची आणि मांडीवर घेऊन गाडीत बसायची. तुम्ही सकाळचा काट्यावरचा आकडा धरून हिशेब करणार, गाडी त्याहून जास्त दबणार, तुम्ही त्या बाजूच्या पाट्यांना जास्त कमान देणार, आणि गिऱ्हाईक गाडी घेऊन गेलं की ती बाजू वर उचललेली.

"रोज न्यायचीस?"

"छे, रोज कशाला. सकाळी काट्यावर उभं करून जास्ती बोलले की त्या दिवशी."

"त्यांना कळलं कसं नाही?"

"कसं कळणार?" तिनं मलाच विचारलं. "पिशवी कधी उचलली त्यांनी?"

ऐकलंत ना? तुम्ही डबा उघडला नाहीत, वाढून घेतलं नाहीत, उठल्यावर ताट सरकवलं नाहीत. बायकोच्या हातातली पिशवी एकदा, चुकून जरी, घेतली असतीत तर सगळं उघडं पडलं असतं. आणि तो न लागणारा मेळ! तुमच्या बिघडलेल्या गाड्यांचा मेळ तुमच्या जिभेशी होता. ज्या सकाळी तोंड सुटलं त्या दुपारची गाडी गेली.

मी तिला विचारलं, ते अंथरुणाला खिळल्यावर एवढं विचारत होते, तेव्हा तुला काही वाटलं नाही? ती पेला खाली ठेवत म्हणाली, "मलाबी विचारलं की. भात भरवत होते मी. म्हटलं, वय झालं तुमचं, हात कापतोय, खावा." मग पदर झटकून म्हणाली, "सरी, असू दे, तुझं काम कर, तो ड्रायव्हर थांबलाय."

ते ऐकून तुम्हाला कसं वाटलं असेल याचा विचार करत मी मापं घेतली आणि मला आनंद झाला. खोटं कशाला बोलू. तो मऊ भात, ते चमच्यानं हनुवटीवरचं पुसणं, शेजारीण म्हणायची बाईनं किती केलं नवऱ्याचं, आणि ती आतून सगळं जाणून घास देत होती. त्या लोडनं तुम्हाला असं दाबलं की तुम्ही परत वर आला नाहीत.

तुमच्या सोयीनं बघायचं तर मी पत्र इथंच संपवायला हवं. इथपर्यंत तुमचा हात बरोबर आहे. चुकीच्या वजनाला तुम्ही बरोबर माप दिलंत, कुणाही कारागिरानं हेच केलं असतं. हे उत्तर तुम्हाला तेव्हा मिळालं असतं तर तुम्ही आईचा जीव घेतला असता, पण स्वतः सुखानं मेला असता.

पण तुमच्या दुकानाचं शेवटचं वर्ष आईला ठाऊक नाही, मला आहे. एक दिवस तुम्ही तिला म्हणालात, उद्यापासून यायचं नाही, तुझ्या लोडवर माझा भरवसा नाही, डबा पोरीबरोबर पाठव. त्यानंतर तुम्ही गाडीत वाळूची पोती ठेवायला लागलात. मी तेव्हा पॉलिटेक्निकला होते. दुपारी डबा घेऊन यायचे आणि तुमच्यासाठी टेप धरायचे, कारण बोटांवरचा तुमचा विश्वास उडाला होता. पोती तोललेली होती, त्यांत दगड नव्हता. टेप बरोबर होती. मी माप वाचून दाखवायचे, तुम्ही गाडीखालून बाहेर यायचात, माझ्याकडे बघायचात आणि म्हणायचात, "फसवतंय हे. इथं डावीकडं मी नेहमी जास्त देतो." आणि अंदाजानं कमान उतरवायचात. नसलेल्या दगडाचं वजन तुम्ही वजा करत होतात अण्णा. त्या गाड्या डावीकडे बसल्या. त्या सगळ्या परत आल्या, एकूण एक. आईच्या गाड्यांनी तुमचं नाव थोडं खराब केलं होतं, दुकान बंद पाडलं ते या गाड्यांनी. तुमचा हात चुकला तो इथं, आणि तो तुमचाच होता.

संध्याकाळी परतताना रिंग रोडवर नेहमीसारख्या अडकलो. आई मागच्या सीटवर होती, मी आरशातून तिच्याकडे बघत होते. ती बाहेरच्या गाड्या बघत होती. मग म्हणाली, "दुकान माझ्यामुळंच बंद पडलं ना ग?"

मी तिच्या आवाजात पश्चात्ताप शोधला, नव्हता. बक्षीस कुणाला लागलं हे विचारावं तसं तिनं विचारलं होतं. वाळूची पोती माझ्या ओठांवर आली होती.

"हो आई," मी म्हणाले, "तुझ्यामुळंच."

तिनं मान मागे टेकली आणि डोळे मिटले. सिग्नल सुटेपर्यंत तिला झोप लागली होती.

हे पत्र मी पाठवणार नाही, पाठवायचं तरी कुठे. खरं काय ते या कागदावर लिहून झालं, तेवढं बस. पण तुम्ही अजून असतात, हात डोळ्यांसमोर धरून विचारत असतात, तर तुम्हालाही मी पोत्यांबद्दल बोलले नसते. आईनंच बुडवलं, असंच सांगितलं असतं.