ताईच्या कवितेची फिल्म

प्रिय ताई,

तू या जगात नाहीस, तरी तुला लिहिल्याशिवाय राहवत नाही.

जन्मभर मी मुके चित्रपट काढले. चित्राला आवाजाचा टेकू नको, हा माझा हट्ट. तू स्वतः रचलेली कविता कॅमेऱ्यापुढे म्हटलीस, तेव्हाही मी आवाज घेतला नाही. "अरे वेडोबा, मुकी कविता ऐकणार कोण?" म्हणून तू खळखळून हसलीस. ती कविता तू कधी कागदावर उतरवलीच नाहीस. शाळेतल्या साऱ्या कविता मला अजून तोंडपाठ आहेत गं, पण तुझ्या कवितेचं शेवटचं कडवं काही केल्या आठवत नाही.

ते आता फक्त फिल्ममधल्या तुझ्या ओठांवर आहे. फिल्म आकसलीय, तिची दुसरी प्रत निघत नाही. प्रोजेक्टर दुरुस्त करणारा म्हणाला, "काका, एकदाच चालेल. चालता चालताच तुकडे पडतील." दिव्यासमोर धरून एकेक चित्र पाहिलं. तोंड उघडं दिसतं, शब्द कळत नाही. त्यासाठी ओठ हलायला हवेत.

खिडक्यांवर चादरी टांगल्यात. चष्मा पुन्हा पुन्हा पुसतोय. आता बटण दाबतो. सावकाश म्हण, ताई.

तुझाच,
धाकटा